सावळीचा जवळा

अनंताने मलमलच्या फडक्यात चिमूटभर कोंडा घेतला, त्याची पुरचुंडी बांधली आणि वाटीतल्या पाण्यात बुडवून ती दोन बोटांनी दाबत राहिला. पाणी हळूहळू पांढुरकं झालं. भातगिरणीत वीस वर्षं काढलेल्या माणसाला कोंड्याचं काही शिकवायला नको, पण हा कोंडा बोटाला लागता कामा नये इतका बारीक हवा असे, आणि तशी ताकीद खाटेवरून रोज सकाळी न चुकता मिळे.

"जास्ती व्हतंय," सावळी म्हणाली.

"अजून टाकलं कुठं?"

"तुमचा हात मला ठाव हाय. गिरनीत पोतं रिकामं करता तसं कराल."

त्याने वाटी तिच्यापुढे धरली. तिने डोळे बारीक करून पाहिलं आणि मान हलवली. मग त्याने चहाच्या चमच्याने ते पाणी खाटेलगतच्या खिडकीतल्या बरणीत सोडलं. एक चमचा, मग अर्धा. दोघंही बघत राहिली.

बरणी बिस्किटांची होती, किराणा दुकानात फळीवर असते तसली मोठी. तिच्यात भाताच्या दाण्याएवढे जीव पोहत होते, अंगातून पलीकडचं दिसावं इतके पातळ, पोट वर करून, पायांची झालर हलवत. उलटं पोहायचं हा त्यांचा धर्मच. शहापूरच्या बाजारात सुका जवळा मिळतो, त्याचीच ही जिवंत भावंडं दिसत होती. म्हणून सावळीने पहिल्याच दिवशी त्यांना जवळा म्हटलं आणि घरात तेच नाव पडलं. दुकानातलं इंग्रजी नाव फक्त त्यांच्या मुलीला, स्नेहलला माहीत होतं.

स्नेहल आसनगावहून लोकल पकडून रोज कल्याणला जायची. तिथे शोभेच्या माशांच्या दुकानात ती कामाला होती. आईला खाटेवर पडल्या पडल्या बघायला काहीतरी हवं, म्हणून गेल्या उन्हाळ्यात तिने चार रंगीत मासे आणले आणि त्यांचा खाऊ म्हणून एक पुडी. पुडीत तपकिरीसारखी भुकटी. ती अंडी होती. मिठाच्या पाण्यात टाकली की एका दिवसात फुटायची, आणि निघालेली पिल्लं माशांनी खायची, असा तो हिशेब होता. मासे महिन्याभरात मेले. खाऊ उरला.

"मासे गेले म्हनून यांनी बी जावं काय?" सावळी म्हणाली आणि तिने पुडी टाकू दिली नाही. गावात कोणी शेळ्या पाळतं, कोणी कोंबड्या. माशांचा खाऊ पाळणारं हे पहिलंच घर. भावकीतली थोरली गोदूआत्या मुद्दाम बघायला आली, बरणीला नाक लावून बराच वेळ उभी राहिली आणि तिने एकच प्रश्न विचारला, "आन ह्यो खायाचा कदी?"

"कांद्यात परतला तर बरा लागंल," अनंता म्हणाला होता, आणि सावळीने त्याच्या अंगावर टॉवेल फेकला होता.

तिची किडनी गेली होती. आठवड्यातून दोनदा रक्त धुवायला कल्याणला न्यावं लागे. मीठ बंद होतं आणि पाणी दिवसाला तीन पेले. बायको अळणी खाणार तर आपणही अळणी खाणार, असं अनंताने भावकीसमोर जाहीर करून टाकलं होतं. घरात तो ते पाळायचा. गिरणीवर दुसऱ्यांच्या डब्यातल्या लोणच्यावर तुटून पडायचा. सावळीला ते ठाऊक होतं, कारण संध्याकाळी तो जवळ बसला की शर्टाला वास येई. ती फक्त एवढंच म्हणे, "आज आंब्याचं व्हतं वाटतं." घरात जाड्या मिठाची पिशवी आता बरणीपुरतीच उरली होती.

"मला जे नको ते समदं यांना लागतं," ती एकदा म्हणाली. "मीठ बी आन पानी बी." आणि हसली होती. अनंताला हसू आलं नव्हतं.

पहिला जवळा अनंताने मारला. मुद्दाम नव्हे. बरणीतलं पाणी रोज थोडं आटायचं. त्याने विचार केला, पाणी कमी झालं म्हणजे मीठही कमी झालं. म्हणून तो रोज पाणी घालायचा आणि वर मूठभर मीठ. पाणी हवेत जातं, मीठ जागच्या जागी राहतं, हे स्नेहलने सांगेपर्यंत त्याच्या डोक्यातच आलं नव्हतं. तोवर सगळा जवळा तळाशी बसला होता. सावळी दोन दिवस त्याच्याशी बोलली नाही. वर्षभराच्या दुखण्यात तिने त्याला एक वाकडा शब्द ऐकवला नव्हता, त्यामुळे तो अबोला त्याला फार लागला.

म्हणून हा दुसरा जवळा त्याचा होता. पुडीतली उरलेली सगळी अंडी त्याने एकाच वेळी टाकली. गिरणीतल्या काट्यावर मीठ तोलून आणलं. स्नेहलने नेलपॉलिशने बरणीवर रेघ मारून दिली, त्या रेघेपर्यंत रोज साधं पाणी घालायचं. दुकानातून आणलेला छोटा पंप बुडबुडे सोडायचा आणि लाइट गेली की अनंताने पळीने ढवळायचं. दुकानातलं महागडं खाद्य संपल्यावर कोंड्याची युक्तीही त्यानेच काढली, आणि त्याचा त्याला जरा जास्तच अभिमान होता. पाच आठवड्यांत जवळा दाण्याएवढा झाला. नर माद्यांना धरून जोडीने पोहू लागले. एका मादीच्या पोटाखाली तपकिरी पिशवी आली, आणि मागचे आठ दिवस सावळीचं सगळं लक्ष त्या पिशवीकडे होतं. स्वतःच्या रिपोर्टची चौकशी तिने कधी इतक्या काळजीने केली नव्हती.

अनंताने वाटी धुऊन पालथी घातली आणि शर्ट चढवला. हंगाम होता. गिरणीसमोर सात वाजल्यापासून भाताचे ट्रॅक्टर लागत. जनावहिनी येऊन खाटेशी बसली होती. ती त्याच्या थोरल्या चुलतभावाची विधवा. शेजारच्या घरात राहायची आणि वर्षभर अनंता गिरणीवर गेला की सावळीचं अंग पुसण्यापासून सगळं तीच बघायची. अनंताने उंबऱ्याबाहेर येऊन पायात चपला सरकवल्या.

"अवो," आतून सावळीची हाक आली. "पोरं झालीत. या, बगा तर."

"कुठं?"

"उजेडाच्या अंगाला. बारकी बारकी हायेत. या ना."

चपला काढायच्या, पुन्हा आत जायचं, खिडकीशी वाकायचं. दोन मिनिटांचं काम होतं.

"सांजचं बगतो, सावळे. ट्रॅक्टर खोळंबलेत."

"बरं, सांजचं," ती म्हणाली. आवाजात रुसवा नव्हता. पुढे कितीतरी दिवस त्याने तो आवाज आठवून आठवून त्यात रुसवा शोधला. सापडला असता तर त्याला बरं वाटलं असतं.

अकराच्या सुमारास जनावहिनीचा फोन आला. ती काही सांगू शकली नाही, नुसतं "भावजी, या" म्हणाली. मालकाच्या स्कूटरवरून तो घरी पोचला तेव्हा अंगणात माणसं जमू लागली होती. सावळीला खाटेवरून खाली घेतलं होतं. गावातला डॉक्टर येऊन गेला होता. हृदय बंद पडलं, त्रास झाला नाही, असं कोणीतरी अनंताला सांगितलं आणि त्याने मान हलवली.

तो तिच्या पायाशी बसला. सगळं बाकीच्यांनी केलं. कोणी स्नेहलला फोन लावला, कोणी बांबू तोडायला गेलं. गोदूआत्या दाराशी बसून बायकांना एकेक काम सांगत होती. घरात माणूस गेलं की भरलेलं पाणी ठेवत नाहीत. हंडा, कळशी, माठ, तांब्यातला घोटसुद्धा ओतून टाकतात. गेलेला जीव पाण्यात घुटमळतो म्हणतात. वर्षभर तीन पेल्यांवर काढलेल्या सावळीचा जीव पाण्याशी घुटमळला असता तर त्यात नवल नव्हतं.

बायकांची ये-जा त्याच्या कानावर पडत होती. हंडा कलंडल्याचा आवाज आला, मग माठ. मग जनावहिनी त्याच्याजवळ येऊन वाकली.

"भावजी, बरनीचं पन?"

त्याला शब्द ऐकू आले. शेजारच्या घरात कोणी कोणाला काहीतरी विचारतंय, इतपतच ऐकू आले. त्याची नजर सावळीच्या अंगठ्याकडे होती. दोन्ही अंगठे सुताने एकत्र बांधले होते आणि ते सूत जरा जास्तच घट्ट आवळलंय असं त्याला वाटत होतं.

"बरनीचं पानी, भावजी. आत्या म्हनतात समदं वता."

"समदं," तो म्हणाला. "समदं वता."

मसणातून परत आल्यावर त्याने दारात लिंबाचा पाला चावला, पाय धुतले आणि ओट्याकडे पाहिलं. हंडे, कळश्या, घागर, सगळं घासून पालथं घातलं होतं. त्यांच्या रांगेत शेवटी बिस्किटांची बरणी. राखेने घासलेली, लख्ख. नेलपॉलिशची रेघ अर्धी खरवडून गेली होती.

तो ओट्यासमोर उभा राहिला. कोणी ओतली, हा प्रश्न त्याला पडलाच नाही. आपलाच आवाज त्याला आता स्वच्छ ऐकू आला. रडू सकाळपासून आलं नव्हतं, आताही आलं नाही. स्वतःची शिसारी मात्र आली. आधीचा जवळा मिठाने मारला, हा एका शब्दाने, आणि ती पोरं तर त्याने बघितलीही नव्हती.

स्नेहलच्या ते ध्यानात यायला तिसरा दिवस उजाडला. सावडायचं उरकून पुरुष परतले होते. जनावहिनी ओटीवर सूप घेऊन तांदूळ निवडत होती. आतून स्नेहल आली, तिच्या हातात पंपाची मोकळी नळी होती.

"आईची बरणी कोणी ओतली?"

तिने नळी वर धरली.

"कोणी ओतली, विचारतेय. जिवंत होते ना ते. तिने काय काय करून जगवले होते. तुम्हाला दिसले नाय?"

जनावहिनीचा सुपातला हात थांबला. तिने अनंताकडे पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावर तिला काय दिसलं कोण जाणे. मग नजर परत सुपाकडे नेत ती म्हणाली, "वतली नाय गो. व्हळात सोडली. जीव व्हते ना त्यात. घरातलं पानी तर ठेवता येत नाय, म्हनून मी बरनी उचलली आन व्हळात सोडून आली."

व्हळ म्हणजे गावामागचा ओहोळ. दहा मिनिटांच्या वाटेवर, मार्गशीर्षातही वाहता.

स्नेहलने तोंड उघडलं. ती काय बोलणार ते अनंताला तिच्याआधी कळलं.

"बरं केलंत, वयनी," तो म्हणाला. "लई बरं केलंत."

स्नेहलने त्याच्याकडे पाहिलं आणि ती आत गेली. थोड्या वेळाने तो विहिरीशी गेला तेव्हा ती मागोमाग आली.

"बाबा, गोड्या पाण्यात तासभरसुद्धा नाय जगत ते."

"ठाव हाय मला."

"मग तिला सांगू का नाय दिलंत?"

"काय सांगायचं? जीव वाचवला असं तिला वाटतंय. वर्सभर तुज्या आयचं हागणं-मुतणं काढलं तिनं. तिला सांगू, तू मारलीस म्हनून?" रहाटाचा दोर त्याने हाताभोवती गुंडाळला आणि पुन्हा सोडला. "तिनं मला इचारलं व्हतं, सनेल. मीच म्हनलो, समदं वता."

स्नेहलने त्याच्या हातातून दोर घेतला आणि पाणी काढून दिलं.

चौथ्या दिवशी सकाळी अनंता नेहमीच्या वेळी उठला. दिवाळीत स्नेहलने शिवून घेतलेला शर्ट खुंटीवर होता, तो चढवावा की नाही, सुतक आहे, गिरणीवर जायचं नाही, असा काहीबाही विचार करत त्याने फडताळातला कोंड्याचा डबा काढला. मलमलचं फडकं घेतलं, पुरचुंडी बांधली, वाटीत बुडवून दाबत राहिला. पाणी पांढुरकं झालं. तेव्हा त्याने वाटी उचलून खाटेकडे वळवली, जास्त झालं का ते दाखवायला. खाट उभी करून भिंतीला टेकवली होती.

तो वाटी धरून तसाच उभा राहिला. किती वेळ ते त्याला सांगता आलं नसतं. दारात जनावहिनी चहा घेऊन आली होती. तिने सगळं पाहिलं असावं, कारण तिने चहा खाली ठेवला आणि चपला घातल्या.

"ती वाटी घ्या, भावजी," ती म्हणाली. "चला."

"कुठं?"

"व्हळावर. उपाशी असतील ती."

तो तिच्या मागून निघाला. दुसरं काय करणार होता? वाटेत रिकामी खाचरं होती, कापलेल्या भाताचे बुडखे तेवढे उरलेले. भावकीतला लखमा बांधावर बैल सोडून बसला होता. वाटी जपत चाललेल्या दोघांना बघून तो उठून उभा राहिला. ओहोळाशी आल्यावर जनावहिनीने एका करंजाखाली संथ पाणी दाखवलं.

"इथं सोडली."

अनंता उकिडवा बसला. तळाचे गोटे दिसत होते, दोन-चार बोटभर मासे इकडून तिकडे जात होते. जवळा इथे आला असता तर या माशांनी तासाचीसुद्धा वाट पाहिली नसती. त्याने चमचा आणला नव्हता. वाटी कलती करून थोडं थोडं पाणी सोडलं. पांढरा ढग जरा वेळ एका जागी राहिला आणि वाहून गेला.

"वयनी, त्या दिवशी ती म्हनत व्हती पोरं झाली म्हनून," तो खाली बघतच म्हणाला. "तुमी बगितली?"

"बगितली तर. तिनं मला खिडकीशी उबी ऱ्हायला लावली. तुमी गेल्यावर लगीच."

"कशी व्हती?"

जनावहिनी दगडावर बसली. "केशरी व्हती. कनीपरीस बारकी. मला आदी दिसंचनात. मंग ती म्हनली, जनाबाय, बोट आडवं धर, सावलीत नाय येत ती, उजेडात येतात. मी बोट धरलं. मंग दिसली. समदी एका बाजूला गोळा झालेली, आन थरथरत व्हती."

"लई व्हती?"

"लई. ती मोजाया लागली व्हती. वीस-बावीसला गेली का एखादं मदी यायचं आन पुन्ना पयल्यापासून. हसत व्हती." ती थांबली. "तुमाला संध्याकाळी कसं दाखवायचं ते ठरवून ठेवलं व्हतं तिनं. बॅटरी लावून. बॅटरी लावली का धावत येतात म्हनं."

अनंताने वाटी ओहोळात धुतली. ती स्वच्छ झाल्यावरही धूत राहिला. जनावहिनीने दुसरीकडे तोंड केलं.

मग ते रोजचंच झालं. सकाळी ती हाक मारायची, "भावजी, येताव ना," आणि तो वाटी घेऊन निघायचा. आपण मेलेल्या जिवांना चारायला चाललोय हे त्याला माहीत होतं. पण त्या बाईचं समाधान मोडायचं त्याच्या जिवावर येई. खरं सांगायचं तर तेवढा अर्धा तासच त्याला दिवसभरात श्वास घेता येई. घरात सगळे विधीविषयी बोलत, कोणाला बोलवायचं, काय करायचं. ओहोळावर सावळीविषयी बोलता येई. जनावहिनी काहीतरी विचारायची आणि तो सांगत बसायचा.

"व्हळ आटल्यावर काय करतील हो ती?" एकदा तिने विचारलं.

"तवर इथं कशाला ऱ्हातात? जातील खाली भातसा नदीला."

"आन तिथून?"

"तिथून काळूला. मंग कल्यानच्या खाडीत. खाडीचं पानी खारंच हाय. तिथं त्यांना बरं पडंल."

"कल्यानला," जनावहिनी म्हणाली. "तिची वाट तीच व्हती की." आणि तिने पदर डोळ्यांना लावला.

आपण इतकं सफाईने खोटं बोलतो याचं अनंताला नवल वाटलं. आयुष्यात सावळीसमोर त्याचं एकही खोटं टिकलं नव्हतं, लोणच्याचंसुद्धा नाही.

बाराव्या दिवशी सकाळी गोदूआत्याने त्याला कोयता देऊन परसात पिटाळलं. उद्या तेरावं. अळूचं फदफदं करायचं होतं. मागच्या मोरीचं पाणी जिथे निघतं तिथे सावळीने लावलेला अळू होता, कंबरभर उंच, बाराही महिने हिरवा. इकडे बायकांचाच वावर असल्याने अनंता बऱ्याच दिवसांत आला नव्हता.

त्याने अलीकडची सात-आठ पानं कापली आणि पुढे सरकला. मध्ये एका जागी अळू झोपला होता. हातभर जागेतली सगळी पानं पिवळी पडून, कडा करपून मातीला टेकलेली. डावी-उजवीकडची तजेलदार होती. आधी त्याला वाटलं उंदीर लागला. त्याने खाली बसून एक देठ उपटला. मूळ सडलं नव्हतं, कुरतडलेलंही नव्हतं. मातीवर पांढरं काहीतरी साकळलं होतं. त्याने बोटाने ते घेतलं आणि जिभेला लावलं.

मीठ.

तो तिथेच मातीत बसला. बरणी इथे ओतली होती. ओहोळावर कोणी गेलंच नव्हतं. दारात मढं असताना कोणती बाई बरणी घेऊन दहा मिनिटं चालत जाईल आणि गोदूआत्या तिला जाऊ देईल? त्याने सांगितलं तसं जनावहिनीने केलं होतं. समदं वतलं होतं, मागच्या दाराने, हाताला लागेल तिथे, आणि ज्या पोरांना तिने त्याच सकाळी बोट आडवं धरून बघितलं होतं त्यांच्यासकट. तिला सगळं ठाऊक होतं. त्या दिवशी सुपावर तिचा हात का थांबला, तिने त्याच्याकडे का पाहिलं, आणि चौथ्या दिवशी त्याच्या हातात वाटी बघून तिने चपला का घातल्या, हे त्याला एकदम कळलं. तो तिला जपत नव्हता. तीच त्याला जपत होती, आणि अकरा दिवस ते ओझं एकटीने वाहत होती.

सावळी गेल्यावर तो पहिल्यांदा रडला तो तिथे. आवाज न करता, कोयता मांडीवर ठेवून, बराच वेळ. करपलेला अळू स्नेहलला दिसला तर तिला लगेच उमगेल, हे मग त्याच्या ध्यानात आलं. तिला मिठाचं सगळं कळत होतं. ती जनावहिनीला विचारल्याशिवाय राहिली नसती.

त्याने उठून मेलेली पानं उपटली आणि कुंपणापलीकडे टाकली. कोयत्याने माती उकरली. विहिरीवरून एक बादली आणून ओतली, मग दुसरी. पाणी मातीत जिरत होतं आणि पांढरं साकळलेलं हळूहळू नाहीसं होत होतं. तिसरी बादली ओतताना त्याला पाठीमागे पावलं ऐकू आली.

जनावहिनी मोरीच्या कोपऱ्याशी उभी होती. त्याला न्यायला आली होती. तिने बादलीकडे पाहिलं, उकरलेल्या जागेकडे पाहिलं. हात पदराशी गेला आणि तिथेच राहिला.

"अळवाला पानी कशाला, भावजी?" तिने विचारलं. आवाज जेमतेम निघाला.

"सुकला व्हता जरा," अनंता म्हणाला. "आता फुटंल."

तिने मान खाली घातली. आत गोदूआत्या कोणाला तरी पातेलं कुठे ठेवायचं ते ओरडून सांगत होती.

अनंताने उरलेली बादली रिकामी केली, हात धुतले, आणि कापलेल्या पानांची जुडी मोरीच्या कट्ट्यावर ठेवली. मग तो घरात जाऊन बाहेर आला तेव्हा त्याच्या हातात वाटी होती. पाणी पांढरं झालेलं होतं.

"चला, वयनी," तो म्हणाला. "उन व्हयल."

जनावहिनी पुढे झाली. तो वाटी सांभाळत तिच्या मागून चालू लागला.